वेळेचं आगर

वेळ अडवून ठेवण्याची विद्या मी पहिल्यांदा ऐकली ती ठाण्यातल्या आमच्या कॉलेजच्या मागच्या जिन्यावर, डबा खाताना. सांगणारी माझी वर्गमैत्रीण होती. तिच्या डब्यात तांदळाची भाकरी आणि सुका जवळा, माझ्या डब्यात चपाती आणि बटाट्याची भाजी. सुट्टी संपत आली होती. कुणीतरी म्हणालं, आज पुढचा तास होऊच नये. त्यावर भाकरीचा तुकडा मोडत ती सहज म्हणाली, "नाही होणार. उघाडी लावू या."

"कसली उघाडी?"

"वेळेची."

ती कोपरीची. तिच्या घरामागे खाडी आणि खाडीला लागून मिठागरं. मिठागराच्या बांधात एक लाकडी दार असतं, त्याला ते लोक उघाडी म्हणतात, हे तिने आम्हाला सांगितलं. भरतीचं पाणी चढलं की दार उचलायचं, पाणी आत घ्यायचं आणि ओहोटी लागायच्या आत दार खाली सोडायचं. पाणी आत अडकतं, उन्हात आटतं, खाली मीठ उरतं.

"वेळ पण तसाच असतो," ती म्हणाली. "आपल्याला वाटतं तो नुसता पुढे पुढे जातो. तसं नाय. तो खाडीसारखा येतो नि जातो. भरलेला असला की अडवायचा. पण एक आहे, आपली उघाडी आपल्याला लावता येत नाही. दुसऱ्याने आपल्यासाठी लावायची. आणि अडवलेला वेळ तसाच्या तसा राहत नाही, आटत जातो. शेवटी मीठ उरतं. ते चाखता येतं, पिता येत नाही."

जिन्यावरच्या मुलींचे हात थांबले होते. एकीने विचारलं, "कुठल्या पुस्तकात आहे गं हे?"

"पुस्तकात कसलं? आत्ता सुचलं."

बाकीच्या हसल्या. मला मात्र पोटात दुखलं. हे मी वाक्प्रचार म्हणून लिहीत नाही, खरोखरच दुखलं. मी डबा बंद केला. त्या वेळी गेले कित्येक आठवडे मी एक नाटक लिहीत होते आणि माझ्या नाटकातल्या एकाही वाक्यावर कुणाचा घास हातात थांबला नसता, हे मला तिथेच कळलं.

माझ्याविषयी थोडं सांगायला हवं. मी मुरबाडची. वडील भाताच्या गिरणीत कामाला. संध्याकाळी घरी यायचे तेव्हा त्यांच्या भुवयांवर कोंड्याची पांढरी पूड असायची आणि आई म्हणायची, "आले बघा म्हातारे होऊन." आमच्या घराण्यात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली. मुरबाडच्या शाळेतल्या बाईंनी अप्पांना बोलावून सांगितलं की हिला पुढे शिकवा, म्हणून मी ठाण्याला आले. अप्पांच्या बहिणीने, माझ्या आत्याने, कळव्याच्या चाळीतल्या तिच्या आधीच भरलेल्या खोलीत माझ्यासाठी जागा केली. आत्या औषधांच्या कारखान्यात पॅकिंगला होती. पहाटे नळ यायचा तेव्हा ती माझ्या वाटणीची बादलीसुद्धा स्वतःच भरायची. मी उठू लागले की म्हणायची, "झोप गं पोरी. तुझं डोकं चालू दे, माझे हात चालतात." या माणसांचं माझ्यावर इतकं ऋण आहे की मला साधं बरं नाही म्हणायचीही लाज वाटे.

म्हणून ते नाटक. मराठीच्या मॅडमनी सांगितलं होतं की यंदाच्या स्नेहसंमेलनात विद्यार्थ्यांनीच लिहिलेलं नाटक करायचं. मी मुलींच्या शिक्षणावर लिहायला घेतलं. दिवाळीत घरी गेले तेव्हा अप्पांना सांगूनही टाकलं, "संमेलनात माझं नाटक होणार आहे. तुम्ही या." अप्पांनी तोवर माझं कॉलेज पाहिलं नव्हतं. दुसऱ्याच दिवशी त्यांनी गिरणीच्या मुकादमाला सांगून ठेवलं की पोरीने लिहिलेलं नाटक आहे, ठाण्याला जायचं आहे, त्या दिवशी मला लवकर सोडा. माझं नाव माइकवरून लेखिका म्हणून घेतलं जाईल आणि ते अप्पा ऐकतील, एवढीच माझी इच्छा होती. त्या वयात ती मला फार मोठी वाटत होती. अजूनही फार लहान वाटत नाही.

मॅडमनी माझं नाटक वाचलं. त्या आम्हाला राहत्या ठिकाणाच्या नावाने हाक मारायच्या. "कळवा, इकडे ये. विचार चांगले आहेत हं." मग बराच वेळ त्या कागदांकडे बघत राहिल्या. "भाषा अगदी शुद्ध आहे." त्यांनी कागद मिटले. मग म्हणाल्या, "कोपरी जिन्यावर काहीतरी सांगत होती म्हणे. बोलाव बघू तिला."

मीच गेले बोलवायला.

तिने टीचर्स रूममध्ये पुन्हा सगळं सांगितलं, पण तसंच्या तसं नाही. या खेपेला तिने त्यात एक म्हातारी घातली. साऱ्या गावासाठी उघाडी लावणारी, आणि स्वतःसाठी लावणारं कुणी नसलेली. मॅडमनी चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"हे लिहून दे मला."

"मॅडम, मला लिहायचा जाम कंटाळा. वेलांट्या पण चुकतात."

"मग ही लिहील," मॅडम माझ्याकडे बोट दाखवत म्हणाल्या. "हिच्या नाही चुकत."

त्या संध्याकाळी मी कळव्याचा पूल चालत ओलांडला. खाडी मी रोज पाहायचे, पण पुलावरून, वरून. ओहोटीला चिखल दिसायचा, भरतीला पाणी, आणि दोन्हीला वास यायचा म्हणून मी ओढणी नाकाला लावून झपाझप जायचे. त्या दिवशी कठड्यापाशी थांबले आणि मनात म्हणाले, हिला खाडी मिळाली आहे, म्हणून हिला सुचतं. मला काय मिळालं? भाताचा कोंडा आणि चाळीचा नळ. खाडीचासुद्धा हेवा करता येतो हे तेव्हा कळलं.

दुसऱ्या दिवशी धीर करून मी तिला विचारलं, "लेखक म्हणून नाव कुणाचं द्यायचं?"

"तुझं दे की."

"आणि तुझं?"

"मला काय करायचंय? माझ्या घरचे कुठे येणार आहेत? आईचा बाजाराचा टाइम, बाबा बोटीवर."

ती भांडली असती तर बरं झालं असतं. मला रागवायला जागा मिळाली असती. ज्या गोष्टीसाठी माझी झोप उडाली होती ती तिने खिशातलं सुटं चॉकलेट द्यावं तशी देऊ केली. मला ती घेता येईना आणि सोडवेनाही. शेवटी मॅडमनीच निकाल दिला: कल्पना हिची, लेखन हिचं, दोघींचीही नावं घ्यायची. मी मान डोलावली. कल्पना आधी आणि लेखन नंतर, हे मी मनात तेवढ्यातच मोजून घेतलं होतं.

मग दर रविवारी मी कोपरीला तिच्या घरी जाऊ लागले. ती बोलायची, मी फुलस्केप कागदावर उतरवायचे. अंगणात दोरीवर बोंबील वाळत घातलेले असायचे. तिची आई बाजारातून आलेली असायची, टोपली उपडी करून ठेवत म्हणायची, "आयलीस काय गो? बस. आज कालवण हाय, जेवल्याबिगर जायचं नाय." मग मुलीकडे बघून, "आणि तू गो, नुसती बडबड करतंस. ही बिचारी लिवून लिवून वाकली."

"तिला आवडतं, आई."

"आवडते काय गो तुला?"

"हो," मी म्हणायचे.

आवडत होतंच. हे मला कबूल करायला हवं की त्या विद्येने मलाही पकडलं होतं. तिने म्हातारीचं पात्र उभं केलं. गावातल्या बाया तिच्याकडे यायच्या: एकीला नवरा बोटीवर जायच्या आधीची सकाळ अडवून हवी, एकीला बाळाची पहिली हसण्याची वेळ. म्हातारी वेळ बांधात घ्यायची, आणि पुढे कधीतरी त्या बायकांच्या हातावर मीठ ठेवायची. हे सगळं ती दोरीवरचे बोंबील उलटवता उलटवता बोलायची. मी मध्येच म्हणे, "थांब, पुन्हा सांग." तर ती पुन्हा सांगताना दुसरंच काहीतरी सांगायची, आणि ते पहिल्यापेक्षा चांगलं असायचं.

दुसऱ्या प्रवेशाचं पूर्ण लेखन मी एकटीने केलं. मला दाखवून द्यायचं होतं. त्यात नायिका रोज संध्याकाळी पाच वाजता बांधावर जाऊन भरतीची वाट बघते, असं लिहिलं. मोठ्या उत्साहाने मी ते अंगणात वाचून दाखवलं. तिची आई बोंबील गोळा करता करता थांबली.

"रोज पाचला?"

"हो."

"पावसाळा, उन्हाळा, रोज पाचलाच?"

मायलेकींनी एकमेकींकडे पाहिलं आणि दोघी अशा हसत सुटल्या की आईने पदर तोंडाला लावला. "अगो बाय, भरती म्हणजे काय तुझ्या कलव्याचा नल हाय? पाचला यावं नि साडेपाचला जावं?"

माझी मैत्रीण डोळे पुसत म्हणाली, "अगं, भरती रोज मागे पडत जाते. आज दुपारी आली तर उद्या त्याच्या नंतर, परवा आणखी नंतर. चंद्रावर असतं ते. पौर्णिमा-अमावास्येला उधाण, पाणी बांधावर चढतं. अष्टमीच्या आसपास येतं न येतं. माझी आई घड्याळ न बघता सांगेल, आत्ता पाणी कुठपर्यंत आहे."

खाडीवरून रोज ये-जा करणारी मी. पण पाणी म्हणजे नळ, आणि नळ म्हणजे ठरलेली वेळ, हे माझ्या अंगात इतकं मुरलेलं होतं की समुद्रही पालिकेच्या वेळापत्रकाने येतो असं मी धरून चालले होते. त्या हसण्यात वाईट काहीच नव्हतं. आईने मला त्या दिवशी कालवणातली सगळ्यात मोठी तुकडी वाढली. तरी मी ती तुकडी ताटाच्या कडेला सारत राहिले.

दुसऱ्या दिवशी पहाटे आत्या नळावर गेली तेव्हा मीही उठले. म्हटलं, आज मी भरते. रांगेत उभी होते. नळ खाकरला, आधी हवा सोडली, मग करंगळीएवढी धार आली. पुढच्या बाया आपापल्या बादल्या सरकवत होत्या. एक काकू म्हणाल्या, "ज्याच्या हातात व्हॉल्व्ह, तो देव." आणि बादली भरता भरता माझ्या मनात एक माणूस उभा राहिला. घाटावरून आलेला. त्याला खाडीचं काहीच कळत नाही. त्याला वाटतं, वेळेची भरती-ओहोटी म्हणजे नुसता गोंधळ. तो म्हातारीच्या उघाडीच्या जागी लोखंडी तोटी बसवतो आणि गावाला सांगतो, आता वेळ रोज पाचला येईल. आणि हळूहळू शेजारच्या गावांतला वेळ कोरडा पडतो, कारण याने एकीकडे अडवलं की दुसरीकडे तेवढं कमी पडणार. हा नियम तिच्या विद्येत नव्हता. तो माझा होता. नळाच्या रांगेतल्या कुणालाही तो समजावून सांगावा लागला नसता.

मी तो माणूस नाटकात आणला. माझी चूक मी त्याच्या तोंडी घातली आणि त्याला ती छाती फुगवून बोलायला लावली: "मी वेळेला तोटी बसवली आहे. आता तो मी म्हणेन तेव्हा येईल आणि मी म्हणेन तेव्हा जाईल."

तालमी आमच्या कळव्याच्या बुद्धविहारात व्हायच्या. कॉलेज दुपारी बंद व्हायचं आणि आत्याने तिथल्या मंडळींना सांगून संध्याकाळसाठी सभागृह मिळवून दिलं होतं. अट एकच, आवरताना झाडून काढायचं. तिथे मी तोटीवाल्याचा प्रवेश वाचला तेव्हा सगळे हसले, पोट धरून हसले. माझ्या मैत्रिणीने टाळ्या वाजवल्या आणि सगळ्यांना ओरडून सांगितलं, "हे हिचं आहे हां! पूर्ण हिचं. साला, हे मला का नाही सुचलं?"

जे वाक्य मी कित्येक आठवडे मनात दाबून धरलं होतं ते ती भर सभागृहात हसत बोलून मोकळी झाली. मला आनंद झाला नाही असं नाही. पण त्या आनंदात काटा होता. तिचा हेवासुद्धा माझ्या हेव्यापेक्षा मोकळा होता.

स्नेहसंमेलनाच्या दिवशी नाटक संध्याकाळी होतं. म्हातारीचं काम अर्थातच ती करणार होती. मी विंगेत उभी राहून प्रॉम्प्ट करणार होते. नाटकाआधी मॅडमनी माइकवरून आमची दोघींची नावं घेतली. मी पडद्याच्या फटीतून दाराकडे बघत होते. अप्पा नव्हते. नाव घेऊन झालं, थोड्या टाळ्या झाल्या, आणि जे ऐकायला त्यांना बोलावलं होतं ते हवेत विरून गेलं.

पहिला प्रवेश झाला. दुसरा झाला. तोटीवाल्यावर लोक भरपूर हसले, मला ऐकू आलं, पण मी दाराकडेच बघत होते. अप्पांची गाडी दुर्गाडीच्या पुलाजवळ वाहनांच्या रांगेत अडकली होती, हे नंतर कळलं. शेवटच्या प्रवेशाआधी माझी मैत्रीण विंगेत आली, केसांना पांढरा रंग, कमरेत वाकलेली. माझ्याकडे पाहून म्हणाली, "काय झालं गं?"

"अप्पा आले नाहीत."

"येतील."

"शेवटचाच प्रवेश राहिला आता. त्यांना काहीच दिसणार नाही."

तिने फटीतून एकदा दाराकडे पाहिलं. पाठीचा वाक नीट करून रंगमंचावर गेली.

शेवटचा प्रवेश माझ्या कागदावर अगदी लहान होता. तोटी फुटते, म्हातारी पुन्हा जुन्या उघाडीचं दार हातात धरते, पाणी भरलं की "भरली" म्हणते आणि दार सोडते. पडदा.

तिने दार धरलं. पण सोडलं नाही. मला वाटलं विसरली. मी विंगेतून हळूच म्हटलं, "भरली." तिने ऐकलं न ऐकल्यासारखं केलं आणि प्रेक्षकांकडे वळली.

"थांबा," ती म्हणाली. "अजून भरायचंय. एक माणूस यायचा आहे. लांबून येतोय. त्याच्या भुवयांवर दिवसभराच्या कामाची पूड आहे. तो कुठेच वेळेवर पोचला नाही, कारण त्याचा वेळ कायम दुसऱ्याच्या बांधात होता. आज त्याच्यासाठी मी दार धरून आहे. हात दुखतोय. दुखू दे. भरती म्हणतेय, जाते. मी म्हणते, बस गो जरा. तुम्हाला घाई असेल तर तुम्ही पुढे व्हा. मला नाही घाई."

भुवयांवरची पूड मी तिला कधीतरी बोंबलांच्या दोरीखाली सांगितली होती.

सभागृहात आधी कुजबुज झाली, मग मागून एक शिट्टी. तोटीवाला पोरगा हुशार. त्याला काय चाललंय ते कळलं नव्हतं, पण तो ओरडला, "ओ आजी, सोडा की आता! माझा नळ यायची वेळ झाली!"

"तुझा नळ उद्या पण येईल," ती म्हणाली. "माणूस नाही."

टाळ्या पडल्या. मग तिने बांधावरच्या बायांची नावं घेऊन त्यांना एकेकीला हाका मारल्या, एकीची चेष्टा केली, एकीला रागावली, हात बदलून दार धरलं, घाम पुसला. हे काहीच कागदावर नव्हतं. मी विंगेत हातात निरुपयोगी कागद धरून उभी होते. आणि तेव्हा दारात अप्पा दिसले. हातात पिशवी, अंगावर गिरणीतलेच कपडे. बसायचं कुठे ते न कळून तिथेच भिंतीला टेकून उभे राहिले.

तिनेही पाहिलं. तिने त्यांना कधी पाहिलेलं नव्हतं, पण ओळखलं.

"आला," ती म्हणाली. "भरली." आणि दार सोडलं.

माझाही नियम त्या संध्याकाळी खरा ठरला. आम्ही वेळ अडवला म्हणून आमच्यामागून होणारं समूहनृत्य अर्ध्यात तोडावं लागलं आणि घागरा घालून दुपारपासून बसलेल्या मुली आमच्याशी कित्येक दिवस बोलल्या नाहीत.

नाटकानंतर मी अप्पांकडे धावत गेले. त्यांचे डोळे ओले होते. "काय बोलली गं ती म्हातारी! 'त्याच्यासाठी मी दार धरून आहे.' असं माणसासाठी कुणी बोलतं का? तू लिहिलंस हे?"

"नाही अप्पा. ते तिचं. ते तिने आयत्या वेळी..."

"अगं, नाटकात सगळं लिहिलेलंच असतं. मला काय एवढंही कळत नाही?"

ती शेजारीच उभी होती. "काका, हिनेच लिहिलंय सगळं," ती म्हणाली आणि तोंड धुवायला गेली.

ज्यावर सगळं सभागृह हसलं ते माझं तोटीचं प्रकरण अप्पांनी पाहिलंच नाही. त्यांनी पाहिलं ते फक्त तिचं. तिने माझ्या वडिलांना माझ्यासाठी वेळेत आणलं, आणि आणलं ते तिच्याच वाक्यांपाशी. मी तिचे आभार मानले. मनापासून मानले. त्या रात्री आत्याच्या खोलीत मला झोप लागली नाही, तीही मनापासूनच.

अप्पांनी मुरबाडला, गिरणीत, लग्नांत, जयंतीच्या मिरवणुकीत, सगळीकडे ते वाक्य सांगितलं. माझ्या पोरीने लिहिलं आहे म्हणून सांगितलं. मी जवळ असले की दर वेळी म्हणायचे, "अप्पा, ते तिचं आहे." ते दर वेळी हसायचे. लोकांना वाटायचं, पोरगी किती विनयशील. खरं बोलण्याचंही श्रेय मला असं चुकीच्या कारणासाठी मिळत गेलं.

पुढे मी शिक्षिका झाले, लग्न होऊन डोंबिवलीला आले. नव्वदच्या दशकात गिरणी बंद पडली आणि आई गेल्यावर अप्पा आमच्याकडे राहायला आले. दिवसभर गॅलरीत खुर्चीवर बसायचे. माझ्या काही कथा मासिकांत आल्या, दिवाळी अंकांत आल्या. अप्पा त्या कुणाकडून तरी वाचून घ्यायचे आणि म्हणायचे, "चांगलं आहे. पण ते दारासारखं नाही." मी कणीक मळत असेन तर जरा जास्तच मळली जायची.

माझी मैत्रीण लग्नानंतर ठाकुर्लीला राहू लागली, एका वकिलाच्या ऑफिसात कामाला लागली. तिने पुन्हा कधी काही रचलं नाही. मी विचारलं की म्हणायची, "कुठे गं वेळ? आणि कशाला?" कोपरीमागच्या मिठागरात भराव पडायला लागला होता, ते तिनेच सांगितलं, भाजी महागल्याचं सांगावं तसं. तिला त्याचंही काही वाटलं नसेल असं नाही. पण ती काही धरून ठेवणारी नव्हतीच. धरून ठेवणारी मी.

एका रविवारी दुपारी ती आमच्याकडे आली. नेहमीप्रमाणे कागदात बांधलेले बोंबील घेऊन. अप्पांना कोण आनंद झाला. "ये, उघाडीवाली ये. बस. आणि ते म्हण बघू एकदा, दार धरल्याचं."

"कुठलं हो काका?"

"अगं ते, 'एक माणूस यायचा आहे.' नाटकातलं."

ती माझ्याकडे बघू लागली. "असं होतं का गं नाटकात? मला नळवाला आठवतो. म्हातारी झालेले ते आठवतं. खोबरेल तेल लावून लावून केसांचा रंग निघाला नव्हता. पण हे..."

मला वाटलं ती थट्टा करते आहे. करत नव्हती. तिला खरंच आठवत नव्हतं.

"मग तू म्हण," अप्पा मला म्हणाले.

मी म्हटलं. पहिल्यापासून शेवटपर्यंत, जिथे तिने श्वास घेतला होता तिथे श्वास घेऊन, "बस गो जरा"ला तिच्यासारखाच हात हलवून. इतकी वर्षं मी ते कुणाला म्हणून दाखवलं नव्हतं. एकही शब्द इकडचा तिकडे झाला नाही. अप्पा डोळे मिटून ऐकत होते. ती हनुवटीला हात लावून ऐकत होती, एखाद्या नव्या गोष्टीसारखं. संपल्यावर म्हणाली, "मस्त लिहिलंयस गं."

"मी नाही. तू बोललेलीस. त्या दिवशी, अप्पा येईपर्यंत."

"असेल. मला नाही आठवत."

"बघ," अप्पा म्हणाले, "मी काय सांगत होतो?"

ज्याचा मी इतकी वर्षं हेवा केला होता ते तिच्याकडे नव्हतंच. ते तिने त्या संध्याकाळी तोंडावरच्या रंगाबरोबर धुऊन टाकलं होतं. आणि ते माझ्याकडे होतं, जपून ठेवलेलं, पण माझं नव्हतं. यामुळे मला हलकं वाटायला हवं होतं. उलट मला तिचा आणखी एका गोष्टीसाठी हेवा वाटला: इतकं चांगलं काही करून ते विसरून जाता येतं, याचा.

तेवढ्यात मोरीत नळ खाकरला. डोंबिवलीतही पाणी पाचलाच यायचं. मी उठले, तीही पाठोपाठ आली आणि न विचारता दुसरी बादली नळाखाली सरकवली. धार लागल्यावर एकदम म्हणाली, "अगं, तुझ्या तोटीवाल्याचं मात्र मला पाठ आहे हां. पहिल्या दिवसापासून." कमरेवर हात ठेवून, छाती काढून ती म्हणाली, "वेळेला मी तोटी बसवली. तेव्हापासून मी इथून हललेलो नाही."

माझं वाक्य असं नव्हतं. माझ्या वाक्यात तोटीवाला नुसता फुशारक्या मारत होता, तिच्या वाक्यात तो स्वतःच तोटीपाशी अडकला होता. मी बादलीच्या कडेला धरून उभी राहिले आणि मला कळलं की हे वाक्य माझ्या वाक्यापेक्षा चांगलं आहे. चुकूनसुद्धा तिने ते चांगलंच केलं होतं.

गॅलरीतून अप्पांचा आवाज आला. "काय गं ते? नवीन आहे का? कुणाचं, तुझं का तिचं?"

इतक्या वर्षांत अप्पांनी हे पहिल्यांदा विचारलं होतं. मी उत्तराला तोंड उघडलं. काय म्हणणार होते ते मला ठाऊक नव्हतं.

"दोघींचं, काका," ती ओरडली.

बादली भरून वाहू लागली होती. मी नळ बंद केला. तिचं म्हणणं खरंच होतं. फक्त तेही तिनेच आधी म्हटलं.